पासष्ट हजारांत पिक्चर

मुंबईच्या कोर्टात एकदा सांगलीच्या एका जवानासाठी बॅरिस्टर महंमदअली जीना उभे राहिले होते. भानगड सिनेमाची होती. अर्देशिर इराणी हिंदुस्थानातला पहिला बोलपट काढायच्या खटपटीत होते आणि त्यांना नायक म्हणून हवा होता मास्टर विठ्ठल. विठ्ठल शारदा फिल्म कंपनीशी कराराने बांधलेला. तो तिथून उठला, शारदावाल्यांनी दावा ठोकला, जीनांनी विठ्ठलची बाजू मांडली आणि जिंकून दिली. १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात 'आलम आरा' लागला. खरी गंमत पडद्यावर होती. विठ्ठलची हिंदुस्तानी कच्ची, म्हणून पहिल्या बोलपटाचा नायक बराच वेळ गुंगीत दाखवावा लागला. ज्याने उड्या मारून मैदान मारलं होतं, त्याच्या तोंडाला आवाज मिळाला तेव्हा त्याला बोलायचीच पंचाईत.

विठ्ठलचा जन्म सांगलीचा, १९०६ सालचा. कोल्हापूरला बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत तो लागला, आणि पडद्यावर पहिल्यांदा आला तो १९२४च्या 'कल्याण खजिना'त, चक्क नर्तकीच्या वेषात. पुढे मुंबईला शारदा कंपनीत गेला आणि तिथे तलवार हातात आली. डग्लस फेअरबँक्सचे 'मार्क ऑफ झोरो' आणि 'थीफ ऑफ बगदाद' त्या काळी आपल्याकडेही तुफान चालले होते. विठ्ठलला 'हिंदुस्थानचा डग्लस' म्हणू लागले. गच्चीवरून उडी, घोड्यावरून उडी, खिडकीतून उडी. या जातीच्या चित्रपटाला स्टंटपट हे नाव पडलं आणि ते मराठीत असं रुळलं की स्टंट हा शब्द इंग्रजी आहे हे कुणाला आठवतही नाही.

मला सांगायचं आहे ते मात्र विठ्ठलचं नाही. विठ्ठलला पडद्यावर बघून वेडावलेल्या एका गिरणी कामगाराच्या मुलाचं आहे. भगवान आबाजी पालव. जन्म १९१३. आधी मास्टर भगवान, मग भगवानदादा. त्यांचं नाव काढलं की लोकांना दोनच गोष्टी आठवतात, १९५१चा 'अलबेला' आणि नंतरची वाताहत. १९३८ ते १९४९ या अकरा वर्षांत त्यांनी काय केलं, हे मात्र कुणी विचारत नाही. माझ्या मते त्यांची खरी कारकीर्द तीच होती. तेव्हा ते एकामागून एक स्टंटपट काढत होते, आणि तेही पासष्ट हजार रुपयांत एक या हिशेबाने.

शाळेपेक्षा सिनेमात जीव रमलेल्या या पोराने मजुरीही केली. अंग कमावलं. १९३१च्या 'बेवफा आशिक'पासून मूकपटांत बारीकसारीक कामं मिळू लागली. पडद्यावर दिसायला मिळत होतंच, पण त्याचा डोळा कॅमेऱ्याच्या मागे काय चाललंय तिकडे होता. सेट कसा लागतो, दिवे कुठे ठेवतात, कुठला माणूस फुकट बसून भत्ता खातो. १९३८ साली चंद्रराव कदम यांच्या जोडीने त्यांनी 'बहादूर किसान' दिग्दर्शित केला.

त्याच्या आदल्याच वर्षी, १९३७ मध्ये, प्रभातचा 'संत तुकाराम' इटलीत व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला होता. मराठी माणसाची छाती आजही त्याने फुगते, आणि ती फुगावीच. पण मराठी माणसं त्या वेळी दोन प्रकारचे सिनेमे काढत होती. एक पुण्याला प्रभातनगरीत, ज्याच्यावर अग्रलेख लिहिले जात. दुसरा दादर-परळच्या आसपास, ज्याच्यावर कुणी चार ओळीही खरडत नसे. 'बहादूर किसान' दुसऱ्यातला.

पासष्ट हजारांत पिक्चर कसा निघायचा? निर्माता, दिग्दर्शक आणि नायक एकच माणूस असला की तीन मोबदले वाचतात. भगवान नटांच्या कपड्यांचं डिझाइन स्वतः करत, युनिटच्या जेवणाची व्यवस्थाही स्वतः बघत. नायकाचं पात्रही खर्चाला साजेसंच. राजपुत्र नाही, सरदार नाही, एक भोळा, बावळट वाटणारा गडी. त्याला सगळे हसतात, टपल्या मारतात, आणि शेवटच्या रिळात तो सगळ्यांना उचलून आपटतो. या पात्राला मखमली अंगरखा लागत नाही. शिवाय पिटातला प्रेक्षक त्याच्यात स्वतःला बघतो, हा फायदा वेगळाच.

त्यांचा जिवाभावाचा दोस्तही असाच कामाला आला. पुणतांब्याचा रामचंद्र नरहर चितळकर, पुढचा सी. रामचंद्र. भगवाननी मद्रासकडे जाऊन तमिळ चित्रपट केले तेव्हा संगीताला हाच. १९४१चा 'वनमोहिनी' त्यातला. जंगलाची कथा, सिलोनहून आलेली थवमणी देवी नायिका, आणि चंद्रू नावाचा हत्ती. मारामारीला भाषांतर लागत नाही, हत्तीला तर मुळीच लागत नाही. मग १९४२चा 'सुखी जीवन'. हिंदीत स्वतंत्र संगीतकार म्हणून सी. रामचंद्रांचा तो पहिला चित्रपट. 'बदला', 'मिस्टर झटपट', 'बहादूर', 'दोस्ती' अशा चित्रपटांवर ते राम चितळकर म्हणून असत आणि 'मतवाले', 'मददगार', 'बहादूर प्रताप'वर अण्णासाहेब म्हणून. मोठ्या बॅनरच्या चित्रपटांवर सी. रामचंद्र आणि मारामारीच्या चित्रपटांवर दुसरंच काही. घरच्या लग्नाला कोट आणि शेतावर जाताना बंडी, त्यातलाच प्रकार. पण बंडी घालून का होईना, अण्णा येत राहिले.

स्वस्ताईची दुसरी बाजूही सांगायला हवी. १९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात भगवानना ललिता पवारांच्या कानशिलात मारायची होती. थप्पड खरीच बसली, आणि इतक्या जोरात की त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्याची शीर फुटली. तीन वर्षं उपचारांत गेली आणि डोळा कायमचा अधू झाला. ललिताबाई तोवर नायिका होत्या, आणि त्याही धाडसी पात्रांच्या. १९३९ साली भालजी पेंढारकरांच्या 'नेताजी पालकर'मध्ये मास्टर विठ्ठलबरोबर त्या होत्या. थपडेनंतर त्यांच्या वाट्याला खाष्ट सासवा आल्या. त्या सासवा त्यांनी अजरामर केल्या, हे त्यांचं कर्तृत्व. त्याने थपडेचा हिशेब फिटत नाही. मारामारी खरी दिसावी म्हणून ती जवळजवळ खरीच करायची, हा त्या धंद्याचा शिरस्ता होता, आणि त्याची किंमत पासष्ट हजारांत धरलेली नव्हती.

हे चित्रपट बघत कोण होतं? इथे आमच्या कराडकडे यावं लागतं. सातारा, सांगली, कोल्हापूर आणि कोकण इथून माणसं मुंबईच्या गिरण्यांत जात होती. खोलीत वीस-वीस जणांची बिऱ्हाडं, बाईच्या खानावळीत जेवण, पाळी संपली की सिनेमा. वाटेगावचे अण्णा भाऊ साठे बापाबरोबर चालत मुंबईला गेले, त्यांनाही तिथे मूकपटांचा नाद लागला होता. या माणसांना संत-महंतांचे बोलपट नको होते असं नाही. पण दहा तास यंत्रापुढे उभं राहिल्यावर पडद्यावर कुणीतरी मुकादमासारख्या दिसणाऱ्या माणसाला उचलून आपटतंय, यातलं सुख वेगळं. १९३५ साली वाडियांच्या 'हंटरवाली'त नादिया हातात चाबूक घेऊन आली ती याच पब्लिकच्या जोरावर.

मुंबईत पिक्चर उतरला की त्याच्या पेट्या गावाकडे निघत. आधी जिल्ह्याचं गाव, मग तालुका, मग तंबू. आमच्याकडे पौषात पालच्या खंडोबाचं लग्न लागतं, तारळीच्या काठी भंडाऱ्याने माणूस ओळखू येत नाही. अशा यात्रांतून तंबू ठोकले जात. घरोघरी ओगलेवाडीच्या प्रभाकर कंदिलाचा उजेड असलेल्या काळात तंबूतला पांढरा झोत हेच एक आश्चर्य होतं. पडदा मध्ये, प्रेक्षक दोन्ही बाजूंनी, आणि पाठीमागच्यांना सगळे डावखुरे दिसत. रीळ तुटलं की ऑपरेटर खराब फ्रेमा कापून टाकायचा आणि जोडून पुढे चालवायचा. दर यात्रेला पिक्चर थोडा आखूड होत जाई. मारामारी शाबूत राहिली म्हणजे पब्लिकची तक्रार नसे.

मात्र मारामारीच्या बाबतीत आमचं पब्लिक कडक. ज्या मुलुखात गावोगाव तालीम आहे, तिथे खोटा डाव लगेच कळतो. कराडला लागूनच गोळेश्वर. तिथले खाशाबा जाधव १९५२ साली हेलसिंकीहून ऑलिंपिकचं कांस्यपदक घेऊन आले, तेव्हा त्यांच्या मिरवणुकीला शंभरावर बैलगाड्या होत्या असं आमच्याकडे अजून सांगतात. असल्या लोकांपुढे पडद्यावर पेच टाकायचा म्हणजे दम पाहिजे. भगवानच्या कमावलेल्या, ठेंगण्या, जाडसर शरीराला इथे किंमत होती. नाकीडोळी नीटस नायक उचलून आपटतो तेव्हा शंका येते. या गड्याने उचलला तर उचलला असेल.

हे सगळं आपल्याच गरिबीचं लक्षण आहे असं मात्र समजू नये. इटलीत १९१४ साली 'कबीरिया' नावाचा भव्य मूकपट निघाला, त्यात माचिस्ते नावाच्या बलदंड गुलामाचं काम करायला जेनोआच्या गोदीतला एक हमाल उचलून आणला होता, बार्तोलोमेओ पागानो. चित्रपटाच्या नायकापेक्षा हा हमालच लोकांना इतका आवडला की पुढे दहा-बारा वर्षं त्याच्याच नावाने चित्रपट निघत राहिले. नंतर १९५८च्या 'हर्क्युलिस'ने तिथे पुन्हा पैलवानांची लाट आणली. एका चित्रपटाचे खांब दुसऱ्यात, दुसऱ्याच्या ढाली तिसऱ्यात. ती ओसरली तसे तेच लोक स्पेनच्या माळावर काउबॉयचे पिक्चर काढायला गेले. तिथल्या त्या निर्मात्यांवर आता जाडजूड पुस्तकं निघतात, जुन्या प्रती धुऊनपुसून महोत्सवांत दाखवतात. गोदीतला हमाल आणि गिरणीतला पोरगा यांत मला तरी फरक दिसत नाही. फरक आहे तो जपणाऱ्यांत.

१९४२ साली भगवान 'जागृती पिक्चर्स' काढून निर्माते झाले. काळ वाईट होता. महायुद्धामुळे कच्च्या फिल्मची टंचाई, सरकारने चित्रपटाची लांबी ११ हजार फुटांवर बांधून टाकलेली. पण चिंधीचिंधी जोडून अंगरखा शिवायची ज्याला सवय, त्याला अशा काळात त्रास कमी होतो. १९४७ मध्ये त्यांनी चेंबूरला स्वतःचा जागृती स्टुडिओ उभारला. गिरणी कामगाराच्या पोराचा स्वतःचा स्टुडिओ, आणि तोही अशा चित्रपटांच्या कमाईवर ज्यांची नावं पांढरपेशा घरांत कुणी ऐकलीही नव्हती. १९४९ साली 'भेदी बंगला' आला. या खेपेला भीती. रहस्य, अंधार, बंगला. इथवर हिशेब सुटलेला नव्हता.

मग राज कपूर म्हणाला, सामाजिक चित्रपट कर.

सल्ला प्रेमाचा होता. कदाचित बरोबरही होता. १९५१ साली 'अलबेला' आला आणि त्या वर्षीच्या सगळ्यांत गाजलेल्या चित्रपटांत जाऊन बसला. गीता बाली नायिका. राजिंदर कृष्ण यांची गाणी. संगीताला अण्णाच, पण आता सी. रामचंद्र याच नावाने, बोंगो, क्लॅरिनेट, ट्रम्पेट, सॅक्सोफोन घेऊन. गळा चितळकरांचा आणि जोडीला लताबाई, ज्यांचं बालपण सांगलीत, दीनानाथांच्या बळवंत कंपनीच्या वाड्यात गेलं. म्हणजे सांगलीच्या विठ्ठलवरून सुरू झालेल्या या माणसाच्या नशिबाला बळ मिळालं तेही सांगलीत वाढलेल्या गळ्यातून. योगायोगच म्हणायचा, पण आमच्याकडच्या माणसाने असले योगायोग सोडू नयेत.

'अलबेला'च्या यशाचं श्रेय नेहमी गाण्यांना दिलं जातं. मी त्याची गोष्ट पुन्हा बघितली तेव्हा वेगळंच लक्षात आलं. प्यारेलाल नावाचा गरीब पोरगा घर सोडून जातो, मोठा झाल्यावरच परत येईन म्हणून. रंगभूमीवर नाव काढतो, घरी पैसे पाठवत राहतो. ते पैसे घरच्यांना मिळतच नाहीत. तो परततो तेव्हा घराची दशा झालेली. सातारा-सांगलीच्या किती घरांत ही गोष्ट काल्पनिक वाटली असेल? पोस्टमन मनीऑर्डर घेऊन येईल म्हणून उंबऱ्यावर बसलेली म्हातारी आमच्या दर वस्तीत होती. मनीऑर्डर मधेच कुणी खाल्ली, हा आमच्या भाऊबंदकीचा नेहमीचा विषय. 'सामाजिक' चित्रपट काढतानाही भगवाननी आपलं जुनं पब्लिक सोडलं नव्हतं. बावळट गडी तोच होता. आपटाआपटीऐवजी तो नाचला, एवढंच.

आणि नाचही कसा? कोपरात हात दुमडलेले, खांदे हलते, पाय जेमतेम जागचे सरकणारे. कथकची तालीम नको की विलायती कवायत नको. वरातीत, गणपतीत कुणालाही जमेल असा. कराडला प्रीतिसंगमाकडे गणपती निघतात तेव्हा चावडी चौकात शंभर पोरं नाचत असतात, त्यांतली नव्वद न कळत भगवानच नाचत असतात. पुढे अमिताभ बच्चनच्या नाचातही लोकांना हीच पावलं दिसली.

आता वाताहत. ती सगळ्यांना पाठ आहे, म्हणून थोडक्यात. जुहूला २५ खोल्यांचा बंगला झाला. आठवड्याच्या वारांना पुरतील अशा सात गाड्या झाल्या. १९५३ला तीच मंडळी घेऊन 'झमेला' काढला. त्यात 'अलबेला'ची नशा नव्हती. १९५६चा 'भागम भाग', किशोरकुमारला घेऊन, बरा चालला. मग कोरडं पडत गेलं. 'हँसते रहना' अपुराच राहिला, त्यात घातलेले पैसे बुडाले. १९६६चा 'लाबेला' पडला, नावातच रडकथा. बंगला गेला, गाड्या गेल्या, मुक्काम दादरच्या चाळीत आला.

लोक म्हणतात, ऐशआरामाने बुडाला. मला ते पटत नाही. सात गाड्यांनी माणूस इतका बुडत नाही. तो बुडाला ते गणित बदलल्यामुळे. पासष्ट हजारांच्या धंद्यात एक पिक्चर पडला तर पुढचा सावरून घेई. मारामारीच्या पिक्चरचं गिऱ्हाईक ठरलेलं, वितरकाचा भाव ठरलेला, तोटा झाला तरी तो मोजता येण्याजोगा. मोठ्या सामाजिक चित्रपटात मोठी नायिका, मोठा वाद्यमेळ, मोठं कर्ज आलं आणि एकाच डावावर सगळी पुंजी लागली. ज्या माणसाने जेवणाचा खर्च वाचावा म्हणून युनिटची पंगत स्वतः सांभाळली, तो दुसऱ्या 'अलबेला'ची वाट बघत बसला. आणि तो परत स्टंटपटांकडे का वळला नाही? ती वाट एव्हाना दुसऱ्यांनी धरली होती. १९६२च्या 'किंग काँग'पासून दारासिंगचं पर्व सुरू झालं, तंबूंतलं आमचं पब्लिक तिकडे गेलं. खराखुरा पैलवान मिळाल्यावर ठेंगण्या गड्याला कोण विचारतो?

चाळीत भेटायला येत ते सी. रामचंद्र, ओमप्रकाश आणि राजिंदर कृष्ण. बाकीच्यांना दादरचा पत्ता सापडत नव्हता. मग पुढची तीस-पस्तीस वर्षं भगवानदादा मिळेल ते काम करत राहिले. हवालदार, दारुडा, वरातीतला एक. दिग्दर्शक बोलवायचे ते एकाच गोष्टीसाठी: दादा, ती स्टेप करा. दादा करायचे. आमच्या पिढीने त्यांना प्रथम असंच पाहिलं. कुठल्यातरी रंगीत पिक्चरच्या मध्येच एक म्हातारा येतो, खांदे हलवतो, थिएटरात शिट्ट्या पडतात आणि तो निघून जातो. शेजारी बसलेल्या थोरल्यांना काय झालंय ते आम्हांला कळायचं नाही. ४ फेब्रुवारी २००२ रोजी दादरला हृदयविकाराने ते गेले. २०१६ साली त्यांच्यावर 'एक अलबेला' नावाचा मराठी चित्रपट आला, मंगेश देसाईंनी त्यांचं काम केलं. त्याचं नावसुद्धा त्या एका चित्रपटावरूनच.

स्टंटपट मात्र आज बघायला मिळत नाहीत. ती फिल्म नायट्रेटची, पेट घ्यायला टपलेली. शिवाय हे चित्रपट जपायचे असतात असं तेव्हा कुणाच्या मनातही आलं नव्हतं, काढणाऱ्यांच्याही नाही. बैलजोडी जशी कामाला जुंपायची, तशी प्रिंट झिजेपर्यंत चालवायची. आमच्या लहानपणी तंबू उठला की आम्ही पोरं त्या जागेवर तुकडे वेचायला जायचो. कापून टाकलेल्या फ्रेमा, दोन बोटांच्या. काडेपेटीत ठेवायच्या आणि उन्हाकडे धरून बघायच्या. रंगीत तुकड्याला दहा गोट्यांचा भाव होता, काळ्या-पांढऱ्याला दोन. माझ्याकडे काळ्या-पांढऱ्यांतला एक बरेच दिवस होता. एका जाडसर माणसाने दुसऱ्याला डोक्यावर उचलून धरलंय, खालच्याची टोपी तिरकी झालीये, वरच्याचे पाय फ्रेमच्या बाहेर गेलेत. कुठल्या पिक्चरचा होता, देव जाणे. दोन गोट्यांना दिला.